एक तास मागे

सहा वीस झालेत आणि कानकुनमध्ये अजून उजाडलेलं नाही. हॉटेलच्या दारातल्या पिवळ्या दिव्याखाली तुम्ही उभे आहात, हातातल्या फोनवर टूरची पावती उघडून. काल रात्री अर्धा तास खर्चून तुम्ही सगळ्यांत स्वस्त टूर शोधून काढलीत: चिचेन इत्झा, एक सेनोते, बुफे जेवण, वायादोलिद शहर, गाइड, जाणं-येणं, सगळं एका दिवसात. प्रवेशाचे पैसे यात धरलेले नाहीत, हे खाली बारीक अक्षरांत होतं. ते तुम्ही पैसे भरून झाल्यावर वाचलंत.

शेजारी आई आहे. पंजाबी ड्रेस, वर स्वेटर, पायात तुमच्या आग्रहाचे स्पोर्ट्स शूज, मनगटावर बाबांचं किल्लीचं एचएमटी. ती सहा महिन्यांसाठी तुमच्याकडे अमेरिकेत आली आहे. अमेरिकेचा व्हिसा असला की भारतीय पासपोर्टला मेक्सिकोचा वेगळा लागत नाही, म्हणून थँक्सगिव्हिंगच्या आठवड्यात तुम्ही तिला इथे आणलंत. समुद्र तिने दोन दिवसांत निकालात काढला. अलिबागसारखाच, फक्त पाणी जरा निळं.

"किती वाजता येणार म्हणाले?"

"सहाला."

"मग सातला येईल," आई म्हणते आणि पायरीवर बसते. अष्टविनायक, चारधाम, काशी-रामेश्वर तिने यात्रा कंपन्यांच्या बसमधून केलेलं आहे. तुम्हाला आज जे जे अपमानास्पद वाटणार आहे, ते सगळं तिला पाठ आहे.

सातला पाच कमी असताना व्हॅन येते. ती आणखी सहा हॉटेलं फिरते. मग एका मोठ्या पार्किंगमध्ये सगळ्यांना उतरवून, रांगेत उभं करून, दुसऱ्या बसमध्ये कोंबतात. दारात एक पन्नाशीचा, बुटका, रुंद खांद्यांचा माणूस प्रत्येकाच्या छातीवर निळा स्टिकर चिकटवतो आहे. तुमचा नंबर सत्तावीस, आईचा अठ्ठावीस. हा गाइड. तो आधी स्पॅनिशमध्ये बोलतो, मग इंग्रजीत, मग फोन आला की तिसऱ्याच भाषेत, जिच्यात मधूनमधून आवाज घशात अडून पुन्हा सुटतो.

"ही कुठली भाषा?" आई विचारते.

माया. युकातानची माया. मेक्सिकोत आजही साडेसात लाखांहून जास्त लोक ती बोलतात. गाइड बसला तिच्यातलं एक वाक्य शिकवतो: बिश अ बेल? कसं काय चाललंय? शब्दशः मात्र, तुझी वाट कशी आहे? उत्तर द्यायचं: मआलोब. चांगली.

तुम्ही शाळेत असल्यापासून मनात साठलेला प्रश्न विचारता. एवढी मोठी संस्कृती, मग हे माया लोक अचानक गेले कुठे?

"कामाला," गाइड म्हणतो. "सकाळी पाचच्या गाडीने."

बस हसते. तुम्हीही हसता, जरा उशिरा.

रस्ता सरळसोट आहे. दोन्ही बाजूंना बुटकं, दाट, सपाट जंगल. आई तासभर खिडकीतून बघते आणि मग म्हणते, "एकही नदी लागली नाही." बरोबर आहे. युकातानच्या उत्तर भागात जमिनीवरून वाहणारी नदीच नाही. खाली सगळा चुनखडीचा दगड. पाऊस पडला की मुरतो आणि जमिनीखालून वाहतो. जिथे वरचं छत कोसळलं, तिथे खोल, गोल, पाण्याने भरलेलं विवर उघडं पडतं. तेच सेनोते. आपल्याकडची बारव माणसाने खणली. इथली जमिनीनेच खणून ठेवली आणि माणसं तिच्याभोवती राहायला आली. चिचेन इत्झा या नावाचा अर्थही तोच: इत्झांच्या विहिरीचं तोंड.

मग एक कमान येते. किन्ताना रो राज्य संपलं, युकातान सुरू. गाइड माइकवर सांगतो, "घड्याळं एक तास मागे."

फोन आपणहून मागे जातो. कानकुनने 2015 साली आपली वेळ बदलून घेतली, संध्याकाळी पर्यटकांना समुद्रावर जास्त उजेड मिळावा म्हणून. इकडचं राज्य जुन्याच वेळेवर राहिलं. आई मनगट पुढे करते. तुम्ही एचएमटीची किल्ली ओढून काटे उलटे फिरवता. साडेनऊचे साडेआठ. एक तास फुकट.

किल्ली हातात असताना तुमच्या मनात उगाच एक हिशेब सुरू होतो. इ.स. 998 पर्यंत मागे जायचं, तर तासकाटा किती वेळा उलटा फिरवावा लागेल? सुमारे साडेसात लाख. चिचेन इत्झासाठी गाइडने दीड तास दिला आहे.

998 च का? तिथल्या ऑसारिओ नावाच्या देवळाच्या खांबावर माया पद्धतीने कोरलेली एक तारीख आहे. ती त्या वर्षाची धरतात.

चिचेन इत्झाच्या आधी अर्थातच दुकान. स्वस्त टूर स्वस्त का, ते इथे कळतं. काळ्या काचेसारख्या ऑब्सिडियनचे जॅग्वार, टकिलाचे चमचाभर घोट, आणि तुमची जन्मतारीख माया कालगणनेत लिहून देणारा टेबलामागचा पोरगा. आई इथे मात्र थांबते. तुम्ही तिला समजावता: यांच्याकडे दोन पंचांगं एकाच वेळी चालत. एक 260 दिवसांचं, विधींचं. एक 365 दिवसांचं, शेतीचं. दोन्ही चक्रं एकाच ठिकाणी पुन्हा जुळायला 18,980 दिवस लागतात, म्हणजे बावन्न वर्षं. आई ऐकून घेते.

"मग यांना आजची तिथी सांगता येईल?"

आज एकादशी आहे. कार्तिक वद्य, आळंदीची. तुम्ही विसरला होतात, ती नाही. तिच्या पर्समधला स्टीलचा डबा त्यासाठीच आहे.

सेनोतेमध्ये तुम्ही लाइफ जॅकेट घालून वीस मिनिटं बुडबुडता. वरून झाडांची मुळं दोरखंडासारखी लोंबतात. आई काठावर बसते. मग बुफे. स्टेजवर डोक्यावर बाटल्या ठेवलेला ट्रे घेऊन मुली नाचतात आणि प्रत्येक टेबलाकडे टोपली फिरते. राजमा-घेवड्याच्या काळ्या भाजीत डुकराची चरबी असते, हे तुम्हाला तिसऱ्या घासाला कळतं. आई डबा उघडते: साबुदाण्याची खिचडी. मिरची, दाण्याचं कूट, बटाट्याच्या फोडी. बुफेतून ती पपई आणि उकडलेलं रताळं उचलून आणते.

तुम्ही तिच्या ताटाकडे बघता आणि खदखदून हसता. साबुदाणा, मिरची, शेंगदाणा, बटाटा, रताळं, पपई. आळंदीच्या एकादशीचं हे अख्खं ताट अमेरिका खंडातलं आहे. कोलंबसच्या आधी महाराष्ट्रात यातलं बहुधा काहीच नव्हतं. आईला हे पटत नाही. "म्हणजे आधी उपास कशावर करत होते?" या प्रश्नाला तुमच्याकडे उत्तर नाही.

दीड वाजता तुम्ही फाटकाशी पोचता. दोन खिडक्या, दोन तिकिटं. एक केंद्र सरकारचं, एक राज्य सरकारचं, आणि राज्याचं कितीतरी महाग. आत शिरल्याबरोबर विक्रेत्यांची रांग सुरू होते. लाकडी मुखवटे, गोधड्या, चुंबक, आणि फुंकलं की जॅग्वारसारखी डरकाळी फोडणाऱ्या शिट्ट्या. दर दहा पावलांवर डरकाळी. "जवळजवळ फुकट! जवळजवळ फुकट!" तुम्हाला चीड येते. युनेस्कोने 1988 मध्ये जागतिक वारसा ठरवलेली जागा, 2007 च्या नव्या सात आश्चर्यांत ताजमहालाच्या पंगतीला बसलेली, आणि हा बाजार!

झाडं संपतात. समोर कुकुल्कानचा पिरॅमिड.

फोटोत तो नेहमी एकटा असतो. इथे त्याच्याभोवती दोन हजार माणसं आहेत, त्यांतली निम्मी हात वर करून बोटाच्या चिमटीत त्याचं टोक पकडत आहेत. गाइड सावलीत थांबवून आकडे सांगतो. उंची तीस मीटर, वरचं देऊळ धरून. नऊ टप्पे. चारी बाजूंना एक्क्याण्णव पायऱ्या, म्हणजे 364, आणि वरचा चौथरा मिळून 365. मार्च आणि सप्टेंबरच्या समदिनी दुपार कलली की टप्प्यांची सावली कठड्यावर त्रिकोण पाडते आणि पिसांचा नाग उतरताना दिसतो. आज नोव्हेंबर आहे. नाग फाइलमधल्या लॅमिनेट केलेल्या फोटोत बघायचा. 2006 पासून वर चढायला बंदी आहे. दोरीच्या पलीकडे एक इगुआना तेवढी चढते आहे.

"बरं झालं," आई म्हणते. जेजुरी चढलेली बाई आहे, पण गुडघे आता तिचे राहिलेले नाहीत.

पिरॅमिडच्या पोटात आणखी एक पिरॅमिड आहे. 1930 च्या दशकात पुरातत्त्वज्ञ आत घुसले, तेव्हा त्यांना तिथे लाल रंगाचं जॅग्वारच्या आकाराचं आसन सापडलं, हिरव्या जेडचे ठिपके जडवलेलं. 2016 मध्ये दगडांतून वीज सोडून केलेल्या तपासणीत त्याच्याही आत तिसरं, आणखी लहान बांधकाम असल्याचं दिसलं. जुनं पाडायचं नाही, त्याच्यावरच नवं चढवायचं.

"आता टाळी वाजवा," गाइड म्हणतो. "इथून. जोरात."

तुम्ही वाजवता. पायऱ्यांवरून आवाज परत येतो, पण टाळीचा नाही. वरून खाली घसरत येणारी, ओली, पाखराची चिर्र. केत्साल पक्ष्यासारखी, असं ध्वनितज्ज्ञांनीही म्हटलेलं आहे. प्रत्येक पायरी थोडी दूर, दोन प्रतिध्वनींमधलं अंतर थोडं थोडं वाढत जाणारं, म्हणून स्वर उतरत जातो. कारण समजलं तरी अंगावर काटा येतोच. तुम्ही पुन्हा वाजवता. चिर्र. तिसऱ्यांदा वाजवता, आणि या वेळी उत्तर झाडांतून येतं.

पायाखाली गवत नाही.

पांढरं आहे. चुन्याचा गिलावा, घोटून गुळगुळीत केलेला, नजर जाईल तिथपर्यंत. ऊन खालून वर येतं आणि डोळे आपोआप मिटतात. उघडता तेव्हा पिरॅमिड लाल असतो. करडा दगड कुठेच नाही. गिलावा, त्यावर रंग, नागांच्या जबड्यांत रंग, वरच्या देवळातून निघणारा धूर. कोपालचा धूर. राळेसारखा, धुपासारखा, देवळात शिरल्याची खात्री पटवणारा.

आणि गर्दी. तुम्हाला वाटलं होतं की काळाच्या त्या टोकाला तरी शांतता असेल. छे! शंख वाजतो आहे, कासवाच्या पाठीवर हरणाच्या शिंगाने ताल धरला आहे, कुठेतरी कुत्रं केकाटतं आहे. माणसं घोळक्याघोळक्याने येत आहेत, लांबून चालत आलेली, पोटऱ्यांपर्यंत पांढऱ्या धुळीने माखलेली. प्रत्येक घोळक्यापुढे एक माणूस काठीला पिसं बांधून ती उंच धरून चालला आहे, मागच्यांची चुकामूक होऊ नये म्हणून. तुमचा गाइड सकाळपासून मिटलेली छत्री अशीच धरून चालतोय. आळंदीच्या वाटेवर आज पताका अशाच चालल्या असतील.

नाही, नसतील. 998 आहे. आळंदीला समाधी नाही, ज्ञानेश्वर जन्मायला अजून पावणेतीनशे वर्षं आहेत. कोकणात शिलाहार आहेत आणि अंबरनाथचं देऊळ उभं राहायला साठेक वर्षं अवकाश आहे. वेरूळचं कैलास मात्र दोनशे वर्षांचं जुनं झालंय आणि तिथेही या क्षणी कोणीतरी घोळका घेऊन उभं असेल.

ओझी सगळी माणसांच्या पाठीवर. कपाळावरून पट्टा, पट्ट्याला पाठीवरची पाटी. बैल नाहीत, घोडे नाहीत, गाडी नाही. पाट्यांमध्ये उत्तर किनाऱ्याच्या मिठागरांतलं मीठ आहे, कापसाची ठाणं आहेत, मध्य मेक्सिकोतून आलेलं ऑब्सिडियन आहे. तोच काळा काचेचा दगड, पण इथे त्याची सुरी होते, पेपरवेट नाही. खांबांच्या ओळींच्या सावलीत एक जण कोकोच्या बिया मोजतो आहे. बिया म्हणजे नाणी. भाषा तुम्हाला कळत नाही, पण हिशेब कळतो: वीस-वीसच्या ढिगाऱ्या, वीस ढिगाऱ्यांचा एक मोठा ढीग. तुमची आजी आंबे असेच मोजायची, चार विसा ऐंशी, पाच विसा शंभर. इथे विसाचा शब्द काल, चारशेचा बाक, आठ हजारांचा पिक. लिहिताना एकाला ठिपका, पाचाला आडवी रेघ आणि काहीच नसेल तिथे शिंपला. शून्य. आपल्या शून्याशी याची कधी गाठ पडली नाही. ते इथे वेगळंच जन्मलं.

वाटेच्या कडेला एक बाई दगडी पाट्यावर मका वाटते आहे. पाट्याला तीन पाय आहेत, वरवंटा दोन्ही हातांनी धरायचा. मका रात्रभर चुन्याच्या पाण्यात ठेवलेला, साल सुटलेला. ती पिठाचा गोळा भोपळ्याच्या वाटीतल्या पाण्यात कालवते, मीठ घालते, एक मिरची पुढे सरकवते आणि वाटी तुमच्या हातात देते. आंबूस, गार, पोटभरीचं. मिरची चावल्यावर डोळ्यांत पाणी येतं. या वर्षी, या क्षणी, अख्ख्या महाराष्ट्रात मिरची नावाची गोष्ट कुणाच्या जिभेला माहीत नाही. ठेच्याशिवायचा महाराष्ट्र! तिथे मिरे कांडत असतील बिचारे.

वाटी परत देताना बाईची नजर तुमच्या छातीवर जाते. निळा स्टिकर.

ती हात मागे घेते. आजूबाजूची माणसं किंचित सरकतात, वाट देतात. तुम्हाला आधी ही अदब वाटते. मग आठवतं की हा निळा इथे कशाला लावतात. नीळ आणि एक पांढरी माती एकत्र तापवून केलेला रंग, जो हजार वर्षं उन्हापावसात उडत नाही. देवाला द्यायच्या वस्तूंना लावतात. कोपालच्या गोळ्यांना, मडक्यांना. माणसांनाही.

"नंबर सत्तावीस! सत्तावीस!"

गाइड छत्री हलवतो आहे. गवत आहे. आईच्या हातात एक जॅग्वारची शिट्टी आहे, पाच डॉलरवरून दोनवर आणलेली.

चेंडूचं मैदान तुम्ही धावतपळत बघता. 168 मीटर लांब, मेसोअमेरिकेतलं सगळ्यांत मोठं. भिंतीवर वीस फूट उंचीला दगडी कडी. रबराचा भरीव चेंडू कमरेने मारायचा. गाइड, बहुतेक गाइड सांगतात तेच सांगतो, की जिंकणाऱ्या कप्तानाचं शिर उडवत, तो मान होता. कोरीव पट्टीवर एवढंच दिसतं: एक खेळाडू गुडघ्यावर, मान उडालेली, रक्ताच्या धारांचे नाग झालेले आणि मधून एक फुललेली वेल. समोरच्याच्या हातात शिर. जिंकलेला कोण, हरलेला कोण, दगड सांगत नाही. जिंकलेल्याची गोष्ट पर्यटकांना जास्त आवडते, एवढंच.

शेवटची पंचेचाळीस मिनिटं मोकळी. आई म्हणते, "ती विहीर राहिली ना?"

पिरॅमिडकडून पवित्र सेनोतेकडे जाणारा रस्ता तीनशे मीटरचा आहे. साकबे, म्हणजे पांढरी वाट. माया लोकांचे उंचावलेले, चुन्याने बांधलेले रस्ते सगळ्या युकातानभर होते, हा त्यातला लहानसा. आता त्यावर झाडांची सावली आहे आणि दोन्ही बाजूंनी पुन्हा विक्रेते. पिस्तेसारख्या जवळपासच्या गावांतले. आपसांत ते मायाच बोलतात. ही सगळी जमीन 2010 पर्यंत एका घराण्याच्या खाजगी मालकीची होती. देवळं राष्ट्राची, खालची माती एका कुटुंबाची. मग राज्याने ती विकत घेतली. या मातीत ज्यांचे पूर्वज दगड वाहत होते, ते आज तिच्यावर सतरंजी पसरतात तेव्हा त्यांना बेकायदा ठरवलं जातं, रोज, आणि रोज ते येतात. अर्ध्या तासापूर्वीची तुमची चीड कुठे गेली, तुम्ही शोधता. तिथे, पलीकडे, हाच बाजार होता.

"एक डॉलर, सेन्योरा."

"बिश अ बेल?" आई म्हणते.

विक्रेता दचकतो, मग तोंडभर हसतो. मागून कोणीतरी शिट्टी फुंकतं, डरकाळी उठते, आणि वाट पुन्हा पांढरी होते.

या वेळी गर्दी मुकी आहे. सगळे एकाच दिशेने चालले आहेत. तुमच्या पुढे एक बाई, तिच्या दोन्ही हातांना दोन पोरं. चार-पाच वर्षांची, केस ताजे भादरलेले, आणि दोघांचा चेहरा एकच. एक वळून तुमच्याकडे बघतो, मग दुसरा. त्यातल्या एकाच्या हातून मातीची शिट्टी पडते. तुम्ही ती उचलून त्याच्या तळहातावर ठेवता. तळहात गरम आहे. तो लगेच ती फुंकून बघतो, फुटली तर नाही ना म्हणून. वाजते. ती बाई त्याला ओढते, कारण पुढचे पुढे गेलेत.

तुम्ही हाक मारायला तोंड उघडता. कुठल्या भाषेत?

सेनोतेचा कठडा. हिरवं, न हलणारं पाणी, साठ मीटर रुंद, आणि पाण्यापर्यंत उतरत जाणारे चुनखडीचे उभे कडे. इथे पोहत नाहीत. पूर्वीही कोणी या पाण्याने स्वयंपाक केला नाही. पिण्यासाठी शहरात दुसरं सेनोते होतं. हे पावसाच्या देवाचं. त्याचं नाव चाक. मराठी माणसाला इथे हसू आवरत नाही: देवाचं नाव चाक, आणि ओझी वाहायला चाक मात्र यांनी कधी लावलं नाही.

एडवर्ड थॉम्पसन नावाच्या अमेरिकन वकिलातीच्या माणसाने ही सगळी जागीरच विकत घेतली आणि 1904 पासून या विहिरीत यंत्राने तळ उपसला. सोनं, जेड, तांब्याच्या घंटा, कोपाल, आणि पुरुष, बायका, मुलं यांची हाडं. बऱ्याच वस्तू हार्वर्डच्या पीबॉडी संग्रहालयात गेल्या. काही पुढे परत आल्या. तळाशी त्याला निळ्या गाळाचा चारेक मीटरचा थर लागला. शतकानुशतकं टाकलेल्या वस्तूंवरून धुऊन उतरलेला रंग. तुम्ही नकळत छातीवरचा स्टिकर सोलता.

"कुमारिका टाकत," शेजारच्या दुसऱ्या घोळक्याचा गाइड सांगतो आहे. ही गोष्ट अजून मरत नाही. या विहिरीपासून जवळच, पाणी साठवायच्या एका जुन्या टाक्यात, 1967 मध्ये शंभराहून अधिक लहान मुलांची हाडं सापडली होती. त्यातल्या चौसष्ट मुलांच्या जनुकांचा अभ्यास 2024 मध्ये नेचरमध्ये छापून आला. चौसष्टच्या चौसष्ट मुलगे. निम्म्याहून जास्त तीन ते सहा वर्षांचे. पुष्कळ जण एकमेकांचे भाऊबंद, आणि दोन जोड्या एकसारख्या जुळ्यांच्या. आजही या भागात राहणाऱ्या माया गावकऱ्यांचे नमुने त्यांच्याशी ताडून पाहिले. नातं जुळलं.

तुम्ही हे आईला सांगता. ती बराच वेळ पाण्याकडे बघते.

"नावं कळली का त्यांची?"

"नाही."

तुमचा गाइड मागे येऊन उभा राहिलेला तुम्हाला कळलंच नव्हतं. घड्याळ दाखवायला आलाय, पण दाखवत नाही. तो म्हणतो, त्याच्या गावात पाऊस लांबला की अजून चा-चाक करतात. शेताजवळ फांद्यांची वेदी बांधतात, मक्याच्या जाड भाकऱ्या भाजून ठेवतात, आणि वेदीच्या चार पायांशी चार लहान मुलगे बसवतात. मुलं बेडकासारखी ओरडतात. पाऊस येईपर्यंत.

तुम्ही भाषांतर करता. आई झटकन वळते. तिच्या माहेरी, माण तालुक्यात, मृग कोरडा गेला की पोराला कडुलिंबाच्या डहाळ्या गुंडाळून, बेडूक घेऊन घरोघर फिरवायचे. प्रत्येक दारात त्याच्यावर तांब्याभर पाणी ओतायचं. धोंडी. तिचा धाकटा भाऊ दोनदा धोंडी झाला होता, आणि दोन्ही वेळा त्याला सर्दी झाली.

गाइड पोट धरून हसतो. मग विचारतो, "पाऊस आला?"

"एकदा," आई म्हणते.

वायादोलिदला बस पंचवीस मिनिटं थांबते. चौक, चर्च, आइस्क्रीम, लघवीची रांग, बस. त्याबद्दल आणखी काही सांगण्यासारखं तुमच्या वाट्याला आलेलं नाही.

गावाबाहेर, हमरस्त्याला लागण्याआधी, गाडी थांबते. गाइड टोपी काढतो, सगळ्यांचे आभार मानतो, टिपसाठी एक पाकीट फिरवतो. त्याचं घर इथून जवळ आहे, तो कानकुनला येत नाही. दारापाशी आई त्याला गाठते आणि डब्यातला शेवटचा राजगिऱ्याचा लाडू त्याच्या हातावर ठेवते. राजगिराही मूळचा इकडचाच, पण हे सांगायची ही वेळ नाही. तो लाडू हुंगतो, अर्धा तोंडात टाकतो आणि थबकतो.

"आमच्याकडे याला अलेग्रिया म्हणतात," तो म्हणतो. "आनंद."

तो अंधारात उतरतो. त्याची वाट पाहत एक तीनचाकी उभी असते. त्याच्या घड्याळात तास तसाच राहणार आहे.

कमान येते. आता माइकवर सांगायला कोणी नाही, पण फोन आपणहून पुढे उडी मारतो. सकाळचा फुकटचा तास गेला. आई डोळे मिटून बसली आहे. मनगट मात्र तिने पुढे केलंय, बाबांचं एचएमटी वर करून. निळा अठ्ठावीस नंबर आता स्टीलच्या डब्यावर चिकटवलेला आहे, झाकण सुटू नये म्हणून.

तुम्ही किल्ली ओढता. साडेसातचे साडेआठ.

"एक सांग," आई डोळे न उघडता म्हणते. "उद्या उपास कुठल्या घड्याळाने सोडायचा? इथल्या, की त्याच्या?"